किंग स्ट्रीटवरचे लाल डगलेवाले: बॉस्टनमधले चार दिवस

लेकीकडे पाच आठवडे राहून गेल्या आठवड्यात चिपळूणला परतले. ती बॉस्टनच्या दक्षिणेला क्विन्सी नावाच्या गावात राहते. नायगारा, न्यूयॉर्क हे सगळं रीतसर झालं, पण त्याबद्दल लिहिणारे पुष्कळ आहेत. मला लिहायचंय ते ऑक्टोबरातल्या चार दिवसांबद्दल. ते मी हट्टाने मागून घेतले होते.

तीस वर्षं शाळेत इतिहास आणि नागरिकशास्त्र शिकवलं. 'लष्कर नागरी सत्तेच्या अधीन असते' हे वाक्य दर वर्षी फळ्यावर लिहायचे आणि मुलं ते उतरवून घ्यायची. हे वाक्य आलं कुठून, त्यासाठी कोण कोणाशी भांडलं, कोणाचं रक्त सांडलं, हे मात्र मी कधी नीट सांगू शकले नाही. ते भांडण जिथे रस्त्यावर झालं, ते गाव लेकीच्या घरापासून लोकलने अर्ध्या तासावर आहे, हे कळल्यावर मला चैन पडेना.

पहिला दिवस: गायरान, कबरी आणि दगडांचं वर्तुळ

सकाळी नऊला बॉस्टन कॉमनवर पोचलो. मी, लेक आणि शाळेला दांडी मारलेली अकरा वर्षांची नात. ऊन छान होतं, पण वारा कानात शिरत होता. कॉमन म्हणजे अगदी आपलं गावचं गायरान. पूर्वी इथे गावाच्या गाई चरायच्या. आता खारी पळत असतात आणि मेपलची पानं शेंड्याकडून लाल होत आलेली असतात.

याच गायरानावर १७६८ च्या ऑक्टोबरात तंबू पडले. १ ऑक्टोबरला लाँग व्हार्फच्या धक्क्यावर ब्रिटिश फौज उतरली आणि ढोल वाजवत गावात शिरली. २९ वी पलटण कॉमनवर राहिली, १४ वी फॅन्युइल हॉलमध्ये. बॉस्टन तेव्हा ब्रिटिशांच्याच वसाहतीतलं गाव, युद्ध कसलंच नव्हतं. लंडनने बसवलेल्या नव्या जकातींवरून गाव खवळलं होतं आणि जकात अधिकाऱ्यांना संरक्षण हवं होतं, म्हणून ही फौज आणलेली. पंधरा-सोळा हजार वस्तीच्या गावात एकदम रस्तोरस्ती लाल डगले दिसू लागले. त्याच महिन्याच्या ३१ तारखेला रिचर्ड एम्स नावाच्या एका पळपुट्या शिपायाला याच कॉमनवर गोळ्या घातल्या, गावाच्या डोळ्यांदेखत.

शिपाई लोकांच्या घरात जबरदस्तीने घुसून राहिले, असं मी वर्गात सांगत आले होते. ते बरोबर नव्हतं. १७६५ च्या कायद्यात फौजेची सोय आधी बराकीत, मग खानावळींत, मग रिकाम्या इमारतींत करायची होती. राहत्या घरांचा त्यात उल्लेख नव्हता. बॉस्टनकरांनी नेमकं त्यावरच बोट ठेवलं. बंदरातल्या किल्ल्यात बराकी रिकाम्या आहेत ना, मग आधी त्या भरा! गव्हर्नरने मॅन्युफॅक्टरी हाउस नावाची इमारत रिकामी करायला माणसं पाठवली, तेव्हा तिथे राहणाऱ्या विणकर कुटुंबांनी आतून दारं लावून घेतली. बाहेर शिपायांचा वेढा पडला, तरी दारं उघडली नाहीत. शेवटी वेढाच उठवावा लागला. हे वाचताना मला राहून राहून आमच्या चिपळूणचं एक जुनं पत्र आठवत होतं. त्याबद्दल पुढे सांगते.

कॉमनला लागूनच ग्रॅनरी दफनभूमी आहे. तिथल्या एका दगडावर किंग स्ट्रीटच्या गोळीबारात गेलेल्या पाच जणांची नावं आहेत: क्रिस्पस अटक्स, सॅम्युएल ग्रे, जेम्स कॉल्डवेल, सॅम्युएल मॅव्हरिक, पॅट्रिक कार. खाली सहावं नाव एका मुलाचं, वय १२. त्याला शिपायाने नाही, जकात खात्याच्या एका माणसाने गोळी घातली होती, बाकीच्यांच्या अकरा दिवस आधी. नात बराच वेळ ते वय वाचत उभी राहिली. मग हळूच म्हणाली, "आजी, पुढच्या वर्षी मी एवढी होणार." मी तिचा हात धरला आणि आम्ही निघालो.

*जाणाऱ्यांसाठी:* ग्रॅनरीला तिकीट नाही. सकाळी लवकर जा, अकरानंतर सहलींची रांग लागते. फूटपाथवरची लाल पट्टी धरून चाललं की जुन्या वास्तू ओळीने येतात. सगळी पट्टी चार किलोमीटरची आहे. रस्ते दगडविटांचे, त्यामुळे चपला नकोत, बूटच घाला.

ओल्ड स्टेट हाउस ही १७१३ ची विटांची इमारत आता काचेच्या उंच मनोऱ्यांच्या मध्ये अंग चोरून उभी आहे. वसाहतीची विधानसभा इथे भरायची. समोरच फौजेचं मुख्य ठाणं होतं आणि ठाण्यातल्या तोफांची तोंडं विधानसभेच्या दाराकडे. १७६९ मध्ये सभासदांनी सांगितलं की तोफांच्या तोंडासमोर आम्ही कामकाज करणार नाही. गव्हर्नरने तोफा हलवल्या नाहीत, सभाच उचलून नदीपलीकडे केंब्रिजला नेली. मी त्या दारात उभी राहून समोर पाहिलं. रस्ता ओलांडायला पंधरा-वीस पावलं पुरतील.

बाहेर फरशीत दगडांचं एक वर्तुळ आहे. ५ मार्च १७७० च्या रात्री गोळीबार झाला त्याची ती खूण. तेव्हाची किंग स्ट्रीट, आताची स्टेट स्ट्रीट. खाली भुयारी रेल्वेचं स्टेशन आहे, त्यामुळे पायाखालची जमीन मधूनच थरथरते.

आतल्या वाटाड्याने गोष्ट फार नेमकी सांगितली. त्याने सुरुवात पगारापासून केली. ब्रिटिश शिपायाला दिवसाला आठ पेन्स मिळायचे आणि त्यातूनही कापाकापी व्हायची. म्हणून पाळी संपली की शिपाई गावात पडेल ते काम शोधायचे, तेही स्थानिक मजुरांपेक्षा कमी पैशात. २ मार्चला एक शिपाई दोरखंडाच्या कारखान्यात काम मागायला गेला. तिथल्या कामगाराने त्याला संडास साफ करायचं काम देऊ केलं. मारामारी झाली. तीन दिवसांनी किंग स्ट्रीटवर जो जमाव जमला त्यात त्या कारखान्यातला सॅम्युएल ग्रे होता, आणि समोरच्या शिपायांत त्या मारामारीतलेही होते. अटक्स खलाशी होता, आफ्रिकी आणि मूलनिवासी वंशाचा. एकट्या पहारेकऱ्यावर बर्फाचे गोळे, शिव्या, काठ्या. चर्चच्या घंटा वाजल्या म्हणून आग लागली असं समजून आणखी माणसं धावत आलेली. कॅप्टन प्रेस्टन काही शिपाई घेऊन मदतीला आला. कोणीतरी 'फायर' ओरडलं. पाच माणसं गेली.

काचेआड पॉल रेव्हियर या कारागिराने काढलेलं त्या गोळीबाराचं प्रसिद्ध चित्र आहे. मी चष्मा काढून, काचेला नाक लावून पाहिलं. शिपाई एका रेषेत उभे, मागे प्रेस्टन तलवार उगारून हुकूम देतोय, समोरची माणसं निःशस्त्र. जकात कचेरीवर पाटी: 'खाटिकखाना'. खाली एक कुत्रं शांत उभं आहे. प्रत्यक्षात धुमश्चक्री होती, आणि साक्षीदारांच्या सांगण्यानुसार प्रेस्टन शिपायांच्या पुढे उभा होता. मूळ रेखाटनही रेव्हियरचं नव्हे, हेन्री पेलम या तरुण चित्रकाराचं. पण काही आठवड्यांत हेच चित्र घराघरांत गेलं. माझी सहानुभूती बॉस्टनकरांकडे आहे, तरी सांगते, हे चित्र प्रचाराचं आहे. ते आधी पाहून घ्या आणि मग खटल्याची माहिती वाचा.

दुसऱ्या दिवशी गावसभा भरली. गावाचा पुढारी सॅम्युएल अॅडम्स प्रभारी गव्हर्नर हचिन्सनकडे गेला, दोन्ही पलटणी गावातून हलवा म्हणून. एक पलटण हलवतो, असं उत्तर आलं. अॅडम्स म्हणाला, एक हलवता येते तर दोन्हीही हलवता येतील. दोन्ही हलल्या, बंदरातल्या किल्ल्यावर गेल्या. फॅन्युइल हॉलबाहेर त्याचा पुतळा आहे, हाताची घडी घालून उत्तराची वाट पाहत उभा.

जवळच्या बाजारात क्लॅम चाउडर खाल्लं. क्लॅम म्हणजे आपल्या तिसऱ्या. दुधातल्या तिसऱ्या ही कल्पना कोकणी माणसाला आधी पटत नाही, पण त्या वाऱ्यात गरम वाटी हातात आली आणि मी दुसरी मागवली.

दुसरा दिवस: लेक्सिंग्टन, कॉन्कॉर्ड आणि पाऊस

दिवसभर पाऊस. जावयाने गाडी काढली म्हणून निभावलं. अमेरिकेचं स्वातंत्र्ययुद्ध जिथे पेटलं त्या लेक्सिंग्टनच्या हिरवळीवर १९ एप्रिल १७७५ च्या पहाटे कॅप्टन पार्करची ७७ माणसं सातशे ब्रिटिश शिपायांसमोर उभी राहिली. आठ जण गेले. हिरवळ इतकी लहान आहे की आमच्या शाळेच्या मैदानाची आठवण झाली. शेजारच्या बकमन टॅव्हर्नमध्ये ती माणसं रात्रभर वाट पाहत बसली होती. शेतकरी, सुतार, लोहार. शेजारीपाजारी, एकमेकांचे नातेवाईक.

फौजेबद्दलच्या तेव्हाच्या वादाचं मूळ या मिलिशियात, म्हणजे गरज पडली की हत्यार उचलणाऱ्या गावकऱ्यांच्या दलात आहे. इंग्लंडमध्ये फौजेच्या बळावर राज्य करणाऱ्या क्रॉमवेलचा आणि नंतर राजा दुसऱ्या जेम्सच्या छावण्यांचा धसका लोकांनी घेतला होता. म्हणून १६८९ च्या हक्कांच्या सनदेत लिहिलं गेलं की शांततेच्या काळात संसदेच्या संमतीशिवाय खडी फौज, म्हणजे कायमची पगारी फौज, ठेवणं बेकायदा. १६९७ मध्ये फ्रान्सशी तह झाला, तरी राजा तिसऱ्या विल्यमला फौज हवी होती. तेव्हा जॉन ट्रेंचर्डसारख्या लेखकांनी पत्रकांमागून पत्रकं काढली. त्यांचं म्हणणं असं की घरदार असलेला नागरिक हत्यार उचलतो तेव्हा आपलंच घर राखतो; पगारी शिपाई मात्र पगार देणाऱ्याचा असतो. संसदेने इंग्लंडमधली फौज सात हजारांवर आणली. ही पत्रकं बॉस्टनमध्ये लोकांना तोंडपाठ होती. फरक एवढाच की लंडनची संसद म्हणायची, आमची संमती आहे. बॉस्टनकर म्हणायचे, आमच्या सभेची कुठे आहे?

दुसरी बाजूही खरी आहे आणि ती टाळून चालणार नाही. मिलिशियावर विसंबणं म्हणजे मोडक्या काठीवर टेकणं, असं खुद्द अमेरिकन सरसेनापती वॉशिंग्टनने १७७६ च्या सप्टेंबरात लिहिलं. त्याच वर्षी अर्थतज्ज्ञ अॅडम स्मिथने म्हटलं की कसलेल्या खड्या फौजेपुढे मिलिशिया टिकत नाही. पुढे १७८६-८७ मध्ये याच राज्याच्या पश्चिम भागात कर्जाने पिचलेले शेतकरी उठले, त्यांनी न्यायालयं बंद पाडली आणि स्प्रिंगफील्डच्या शस्त्रागारावर चाल केली. तोफा उडाल्या, चार जण मेले. तिजोरी रिकामी होती, म्हणून ते बंड मोडायला जी फौज उभी केली तिचा पैसा बॉस्टनच्या व्यापाऱ्यांनी दिला. मला हे सगळ्यात जास्त खटकलं. सरकारची खडी फौज नको म्हणताना सावकारांच्या वर्गणीची फौज आली, तर ती कुणाला जाब देणार?

पुढच्या उन्हाळ्यात फिलाडेल्फियात राज्यघटना लिहिताना इथल्याच एल्ब्रिज गेरीने मागणी केली की शांततेत फौज दोन-तीन हजारांवर जाऊ नये. ती फेटाळली गेली. त्याऐवजी, फौजेसाठी पैसा एका वेळी दोन वर्षांपलीकडे मंजूर करायचा नाही, असं कलम आलं. गेरीने घटनेवर सही केली नाही.

कॉन्कॉर्डच्या नॉर्थ ब्रिजवर पोचलो तेव्हा नदी काठोकाठ होती. पुलापलीकडे पुतळा: एका हातात बंदूक, दुसरा नांगरावर. पण मी जास्त वेळ थांबले ती पुलाअलीकडच्या भिंतीपाशी. तिथे त्या दिवशी पडलेल्या ब्रिटिश शिपायांची कबर आहे. कोणीतरी दोन छोटे ब्रिटिश झेंडे रोवले होते, पावसाने काडीला चिकटलेले. आठ पेन्सचे शिपाई, समुद्रापलीकडून आलेले.

*जाणाऱ्यांसाठी:* गाडी नसेल तर नॉर्थ स्टेशनहून कॉन्कॉर्डला रेल्वे जाते. स्टेशनपासून पूल चालत अर्ध्या तासावर आहे. ऑक्टोबरात गेलात तर सफरचंदाच्या सायडरचे डोनट जरूर खा, गरम असतानाच. आम्ही डझनभर घेतले, घरी पोचले तीन.

तिसरा दिवस: जॉन अॅडम्सच्या घरी

हा दिवस लेकीच्या गावातलाच, आणि माझ्यासाठी सगळ्यात मोठा.

किंग स्ट्रीटच्या गोळीबारानंतर प्रेस्टन आणि आठ शिपायांवर खुनाचा खटला चालला. गावात त्यांचं वकीलपत्र घ्यायला कोणी तयार नव्हतं. ते घेतलं चौतीस वर्षांच्या जॉन अॅडम्सने, सॅम्युएलच्या दूरच्या चुलतभावाने. तो स्वतः या फौजेच्या विरोधात होता. प्रेस्टन सुटला, कारण गोळीबाराचा हुकूम त्याने दिला हे सिद्ध झालं नाही. सहा शिपाई सुटले. दोघांवर सदोष मनुष्यवधाचा दोष आला आणि त्यांच्या अंगठ्यावर डाग देऊन त्यांना सोडलं. जखमी पॅट्रिक कारने मरण्यापूर्वी डॉक्टरांना सांगितलं होतं की शिपायांनी जिवाच्या भीतीने गोळ्या झाडल्या, माझ्यावर झाडणाऱ्याला मी दोष देत नाही. ते कोर्टात मांडलं गेलं.

पण त्याच भाषणात, शिपायांची बाजू मांडता मांडता, अॅडम्सने ज्युरीला सांगितलं की भरवस्तीच्या गावात शिपाई ठेवले तर एक दंगा टळतो आणि दोन दंगे होतात; शांतता राखायला ते अगदी निकामी. हे वाक्य मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं. दोष शिपायांचा नाही, त्यांना तिथे आणून उभं करणाऱ्यांचा आहे. म्हणून शिपायालाही कायद्याचं संरक्षण हवं आणि शिपायावर कायद्याचा ताबाही हवा. मला या दोन गोष्टी वेगळ्या वाटतच नाहीत.

क्विन्सीत दोन जुनी लाकडी घरं शेजारी शेजारी आहेत, मागे उतरतं छप्पर असलेली. एकात जॉन जन्मला. दुसऱ्यात तो आणि त्याची बायको अॅबिगेल राहिले, आणि तिथल्या वकिलीच्या खोलीत १७७९ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या राज्यघटनेचा मसुदा लिहिला गेला. खोली आमच्या माजघराहून लहान. जमिनीच्या फळ्या रुंद, मधोमध झिजून खोलगट झालेल्या. रस्त्याकडे उघडणारं दार अशिलांसाठी. १७८० पासून ती राज्यघटना चालू आहे. तिच्या हक्कांच्या १७ व्या कलमात लिहिलंय की शांततेच्या काळात फौज स्वातंत्र्याला धोकादायक असते, म्हणून विधिमंडळाच्या संमतीशिवाय ती ठेवू नये, आणि लष्करी सत्ता कायम नागरी सत्तेच्या पूर्ण अधीन राहावी.

माझं फळ्यावरचं वाक्य. मी वाटाड्या बाईंना म्हटलं, हे मी तीस वर्षं मुलांकडून लिहून घेतलं. त्या हसल्या आणि गटातली बाकी माणसं पुढच्या खोलीत गेल्यावर मला तिथे आणखी दोन मिनिटं उभं राहू दिलं.

अॅडम्सची गोष्ट तिथे संपत नाही. १७९८ मध्ये तो राष्ट्राध्यक्ष असताना फ्रान्सशी भांडण पेटलं आणि त्याच्याच कारकिर्दीत नवी फौज उभी राहू लागली. त्याच्याच पक्षातला हॅमिल्टन तिचा कर्ताकरविता. आता खडी फौज आणल्याचा आरोप अॅडम्सवर होऊ लागला. त्याने स्वपक्षाची नाराजी ओढवून फ्रान्सशी तह केला, त्या फौजेला रजा दिली आणि १८०० ची निवडणूक हरला. आपल्या थडग्यावर दुसरं काही नको, फ्रान्सशी शांततेची जबाबदारी याने घेतली एवढंच लिहा, असं त्याने पुढे एका पत्रात म्हटलं. त्याच्या मोठ्या घराचं नाव पीसफील्ड. गावातल्या दगडी चर्चच्या तळघरात तो आणि अॅबिगेल शेजारी शेजारी आहेत. शेजारी मुलगा आणि सून.

*जाणाऱ्यांसाठी:* बॉस्टनहून रेड लाइनने क्विन्सी सेंटरला उतरा. गाडीवर 'ब्रेनट्री' लिहिलेलं पाहूनच चढा. 'अॅशमाँट'ची गाडी दुसरीकडे जाते. घरं आतून फक्त वाटाड्याबरोबर पाहता येतात, तीही हिवाळ्यात बंद असतात. आधी चौकशी करून जा. स्टेशनजवळ व्हिएतनामी खानावळींत फो सूप चांगलं मिळतं.

चौथा दिवस: किल्ला

पलटणी जिथे हलवल्या ते कॅसल आयलंड आता बेट राहिलेलं नाही, भराव टाकून जोडलंय. जुना किल्ला गेला, आता तिथे पंचकोनी दगडी फोर्ट इंडिपेंडन्स आहे. लोक कुत्री घेऊन फिरतात, म्हातारे गळ टाकून बसतात, डोक्यावरून दर दोन-तीन मिनिटांनी विमान उतरतं. किल्ल्याच्या कडेने बॉस्टन शहर समोर दिसतं. फौज हवी असेल तर असू दे, पण एवढ्या अंतरावर, असं गावाचं म्हणणं होतं. अंतर नजरेच्या टप्प्यातलंच आहे.

बाकावर शेजारी एक पांढऱ्या केसांच्या बाई बसल्या होत्या. कुठून आलात, काय पाहिलंत, अशी चौकशी झाली. मी किंग स्ट्रीट म्हटल्यावर त्या थोड्या गप्प झाल्या. म्हणाल्या, १९७० मध्ये मी इथे कॉलेजात होते. त्या वर्षी मार्चमध्ये त्या गोळीबाराला दोनशे वर्षं झाली आणि ४ मे रोजी ओहायोत केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्डने गोळ्या झाडून चार विद्यार्थी मारले. "ती गार्डमधली पोरंही आमच्याच वयाची होती," त्या म्हणाल्या. "मला तेव्हा त्यांचा फार राग आला होता. त्यांना बंदुका देऊन तिथे पाठवणाऱ्यांचा राग यायला खूप वर्षं गेली."

मी थर्मासमधला चहा त्यांना दिला. आलं घातलेला चहा त्यांना आवडला. मग मी त्यांना चिपळूणच्या पत्राबद्दल सांगितलं. साडेतीनशे वर्षांपूर्वी आमच्या गावाजवळ शिवाजी महाराजांच्या फौजेची पावसाळी छावणी होती. महाराजांनी तिथल्या जुमलेदार-हवालदारांना पत्र लिहिलं: दाणा-वैरण आत्ताच उधळून टाकलीत तर पुढे पावसाळ्यात तुम्ही कुणब्याच्या घरातून कोणी दाणे आणाल, कोणी भाकर, कोणी गवत, कोणी भाजी, मग लोक म्हणतील, याहून मोगल बरे. जे लागेल ते बाजारातून विकत आणा. आणि त्याच पत्रात, रात्री दिवा जळत ठेवून झोपू नका, उंदीर पेटती वात ओढून नेईल आणि गवताच्या गंजींना आग लागेल, हेही लिहिलंय.

"उंदीर?" त्यांनी विचारलं. "राजाने उंदराबद्दल लिहिलं?"

हो म्हटलं. त्यांनी पर्समधून छोटी वही काढली आणि मला ते पुन्हा, सावकाश सांगायला लावलं. भाकर, गवत, भाजी, वात, उंदीर. नातीने शेजारी बसून एकेक शब्द इंग्रजीत सांगितला. 'कुणबी'पाशी ती अडली, तेव्हा आम्ही दोघींनी मिळून समजावलं. तेवढ्यात बस आली.

*जाणाऱ्यांसाठी:* किल्ल्याच्या आत जाता येतं ते मोसमात, ठरावीक दिवशीच. बाहेरची वाट मात्र रोज खुली असते. वारा समुद्राचा आहे, टोपी कानावर ओढा आणि चहा बरोबर न्या.